डावा बॅक

मॅच सुरू होण्याआधी बशीरभाई उलटी करायचे. एकदाही चुकलं नाही. मैदानाच्या कडेला करवंदीच्या जाळीमागे जायचे, बाटलीतल्या पाण्याने चूळ भरायचे, वेलदोड्याचे चार दाणे तोंडात टाकून परत यायचे आणि बुटांच्या नाड्या सोडून पुन्हा पहिल्यापासून बांधायचे. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा प्रथमोपचाराची पेटी घेऊन त्यांच्यामागे धावलो. महाडच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका केमिकल कारखान्यात मी सेफ्टी खात्यात होतो. कारखान्याची फुटबॉल टीम खेळायला निघाली की पेटी घेऊन सोबत जाणं माझ्याकडे असे.

"ठेव ती पेटी, मोरे," ते म्हणाले. "आजारी नाय मी. भ्यालोय."

"कशाला?"

"समोरचा तो राइट विंगर बघ. बावीस-तेवीस वर्षांचा असंल. मी पंचेचाळीस. मग भ्यायला नको?"

त्या दिवशी तो विंगर त्यांना ओलांडून एकदाही गेला नाही. बशीरभाई त्याच्यामागे धावत नसत. तो जिथे येणार तिथे आधीच जाऊन उभे राहत. बुटके, पाय किंचित बाहेर वाकलेले, दाढीला मेंदी, गुडघ्यांवर खोबरेल तेलाची चकाकी. तरुणपणी मुंबईत एका कंपनीच्या टीममधून ते लेफ्ट बॅक खेळले होते. पुढे कुवेतला पाइप फिटर म्हणून दहा वर्षं काढली, आणि वडील अंथरुणाला खिळले म्हणून महाडला परत येऊन आमच्या कारखान्यात ऑपरेटर झाले. सगळे त्यांना 'डावा बॅक' म्हणत. त्यात थोडी चेष्टा असे, कारण ते नुसते मैदानावर डावे नव्हते. जेवणाच्या सुट्टीत कॅन्टीनमध्ये कामगार कायद्याचं पुस्तक उघडून बसायचे आणि शेजारी बसलेल्याला त्यातलं एखादं कलम वाचून दाखवायचे. त्यामुळे त्यांच्या शेजारची खुर्ची बहुतेक वेळा रिकामीच असायची. मीसुद्धा तिथे बसत नसे.

त्यांची आणखी एक सवय होती. कंत्राटी कामगारांना आम्ही कायम नोकरीवाले 'ए कंत्राटी' किंवा 'ए पिवळा शर्ट' अशी हाक मारायचो. बशीरभाई प्रत्येकाला वडिलांच्या आणि गावाच्या नावासकट हाक मारायचे. 'अनंत रामचंद्र, कापडे', 'दिलीप सोनू, शिवथर'. टीमची यादी वाचावी तशी. हाक मारली की माणूस नकळत ताठ उभा राही.

हे सगळं कुठून शिकलात, असं मी एकदा विचारलं. तेव्हा त्यांनी ब्रुनोची गोष्ट सांगितली. ब्रुनो म्हणजे कुवेतच्या साइटवरचा इटालियन फोरमन. साठीला आलेला, सतत सिगारेट ओढणारा. सुट्टीच्या दिवशी तो कॅम्पमधल्या पोरांना फुटबॉल शिकवायचा. तरुणपणी तो इटलीतल्या एका छोट्या गावाच्या क्लबातून खेळत होता. आठवडाभर कारखान्यात काम आणि रविवारी मॅच. क्लब आणि कारखाना, दोन्हींचा मालक एकच. कारखान्यात संप झाला तेव्हा ब्रुनो संपवाल्यांबरोबर गेटवर उभा राहिला. पुढच्या रविवारी मालकाने त्याला संघाबाहेर बसवलं. दोन वर्षं तो कपडे करून मैदानावर यायचा आणि बाकावर बसून घरी जायचा. मग क्लबाने त्याला काढून टाकलं. त्यानंतर तो कधी मॅच खेळला नाही.

"मी त्याला विचारलं, पस्तावा होतो का," बशीरभाई म्हणाले. "तर बोलला, रोज होतो."

"मग?"

"मग काय. खरं बोलला म्हणून आवडला मला. मला वाटलं होतं, आता हा छाती काढून दाखवील."

मी हसलो. मला तेव्हा ती लांबच्या देशातली एक गोष्ट वाटली होती.

अनंता गेला ती गोष्ट मात्र लांबची नव्हती. अनंता माझ्या गावचा, कापड्याचा. आमच्या घरांमध्ये एक आंब्याचं झाड आणि एक कुंपण, एवढंच अंतर. भाताची कापणी झाली की तो कारखान्यात कंत्राटी कामाला यायचा. ठेकेदाराकडे त्याच्यासाठी शब्द मीच टाकला होता.

उन्हाळ्यात एका सकाळी त्याला रिकाम्या टाकीत तळाचा गाळ खरवडायला उतरवलं. तोंडाला मास्क होता, पण त्याचा फिल्टर मुदत संपलेला होता. कायम कामगारांना नवे फिल्टर आणि कंत्राटींना आमचे वापरलेले, अशी पद्धतच पडली होती. स्टोअरच्या वहीत त्यापुढे 'योग्य' असा शेरा असे आणि शेऱ्याखाली माझी सही.

ओरडा ऐकून मी पोचलो तेव्हा बशीरभाई स्वतःचा मास्क चढवून कमरेला दोर बांधत होते. कुणी तरी त्यांना थांबा म्हणत होतं. ते खाली गेले. दोर हातात धरून आम्ही चौघं उभे होतो, आणि आतून काही आवाज येत नव्हता. मला आठवतं, मी मनात आकडे मोजत होतो आणि चाळीसच्या पुढचा आकडा आठवेना. मग दोराला झटका बसला. त्यांनी अनंताला खांद्यावर घेऊन वर काढलं. दवाखान्यात पोचेपर्यंत अनंता राहिला नव्हता.

दुपारी प्लँट मॅनेजरने मला केबिनमध्ये बोलावलं. टाकीत उतरायला लागतं त्या परमिटचं पुस्तक टेबलावर होतं.

"मोरे, हे पान खराब झालंय," ते शांतपणे म्हणाले. "नवीन लिहा. आज टाकीचं काम नव्हतं. तो माणूस कामाच्या यादीत नव्हता. भंगार उचलायला आत शिरला असणार. फिल्टरच्या वहीवर तुमची सही आहे, हे मी तुम्हाला सांगायला नको."

मी नवीन पान लिहिलं, 'टाकीचं काम नाही' असं. जुनं पान त्यांनी स्वतः फाडून घेतलं. त्याची कार्बन कॉपी पुस्तकातच राहिली होती. अनंताचं नाव, वेळ, मॅनेजरची सही, सगळं निळ्या अक्षरात. पुस्तक घेऊन बाहेर आल्यावर ती काढून घडी करून मी खिशात घातली. मी तो कागद धैर्याने जपला असं कुणी समजू नये. तो फाडताना कोणी पाहील, याची मला भीती वाटली. मान वर केली तर समोर नळावर बशीरभाई हात धूत होते. त्यांनी माझ्या खिशाकडे पाहिलं, आणि पुन्हा हात धुवायला लागले.

कापड्याला दिवसकार्याला गेलो तेव्हा अनंताची बायको सुनंदा मला म्हणाली, "भाऊ, त्ये चोरी करायला गेले नव्हते. येवढंच कुणाकडनं तरी लिहून आणा. पोरं शाळेत जातात माझी." मी बघतो म्हणालो. माझी नजर अंगणातल्या तिच्या चपलांवर होती.

महिन्याभराने वसाहतीतल्या कारखान्यांच्या फुटबॉल स्पर्धेचा अंतिम सामना होता. संध्याकाळची वेळ, मैदानाभोवती हजारभर कामगार, मांडवात साहेब लोक आणि एक पुढारी. मलाही मांडवातच खुर्ची होती, मॅनेजरच्या मागच्या रांगेत. बशीरभाई आमचे कॅप्टन. जाळीमागे जाऊन आल्यावर ते मैदानाच्या मधोमध गेले आणि त्यांनी जर्सी काढली. कारखान्याचं नाव छापलेली बाजू आत गेली आणि शिवणीची बाजू बाहेर आली. तशी उलटी जर्सी त्यांनी पुन्हा अंगात घातली. मग त्यांच्या मागे एकेक करून दहा जणांनी तसंच केलं. शेवटचा होता गोलकीपर. त्याला बराच वेळ लागला. त्याची बायको कारखान्याच्या ऑफिसात कामाला होती.

अकरा जण मान खाली घालून उभे राहिले. समोरच्या टीमला काय करावं ते कळेना. त्यांचा एक जण मान खाली घालून उभा राहिला, मग सगळेच. कामगारांच्या गर्दीत आधी कुजबुज झाली आणि मग पूर्ण शांतता. माझ्यापुढे मॅनेजरची मान लाल होत गेलेली मला दिसत होती. मला घाम फुटला होता आणि पुसायला हात वर करायची हिंमत होत नव्हती.

मॅच आम्ही हरलो. गोल बशीरभाईंच्याच बाजूने झाला. उपविजेत्यांचं बक्षीस घ्यायला ते वर आले तेव्हा निवेदकाने सवयीने माइक त्यांच्यापुढे धरला.

"अनंत रामचंद्र, कापडे," ते म्हणाले. "त्या दिवशी तो कामावर होता. चोर नव्हता. मी त्याला टाकीतनं काढला हाय. आणि ज्यांना ठाऊक हाय ते हितंच बसलेत."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही. पाहिलं असतं तर बरं झालं असतं, असं मला नंतर कितीदा वाटलं. मांडवातल्या चाळीस जणांत ते माझ्याबद्दलही बोलताहेत हे मला एकट्यालाच कळलं होतं, आणि मी खुर्चीला चिकटून बसलो होतो.

दोन दिवसांनी त्यांना कामावरून निलंबित केलं. मग मोबाइलवर मेसेज फिरू लागले. बशीरला बाहेरच्या देशातून पैसा येतो. कुवेतला तो काय करत होता ते विचारा. अशा माणसाला वसाहतीत कशाला ठेवायचं. ज्या माणसाने स्वतःचा मास्क चढवून कापड्याच्या एका माणसासाठी टाकीत उतरायची तयारी दाखवली, त्याच्याबद्दल कापड्यातलेच काही जण ते मेसेज पुढे पाठवत होते. माझ्या मोबाइलवरही आले. मी ते पुढे पाठवले नाहीत, पण खोटे आहेत असंही कुणाला लिहिलं नाही. पोलिसांनी चौकशीला म्हणून त्यांना तीनदा बोलावून दिवसभर बाकावर बसवून ठेवलं आणि काही न विचारता घरी पाठवलं. त्यांच्या घरासमोरच्या चहाच्या टपरीवर दोन अनोळखी माणसं मोटारसायकल लावून रोज बसू लागली. ती काही करत नसत. चहा घ्यायची आणि दाराकडे बघत राहायची.

एका रविवारी सकाळी मी त्यांच्या घरी गेलो. टपरीसमोरून जाताना हेल्मेट काढलं नाही. रुकैयाभाभींनी दार थोडंसं उघडून पाहिलं आणि मला आत घेतलं.

"मोरेभाऊ, तुम्ही तरी सांगा यांना," त्या हळू आवाजात म्हणाल्या. "दूधवाल्याने बेल वाजवली तरी मी आधी फटीतून बघते. काल धाकटी विचारत होती, अब्बांना नेणार आहेत का?"

बशीरभाई खिडकीखाली जमिनीवर बसून कांदे चिरत होते. "ही सांगते ते खरं हाय," ते म्हणाले. "हे बघ." त्यांनी सुरी ठेवून हात पुढे केले. दोन्ही हात थरथरत होते. "कांदा सारखा चिरत नाय. पंधरा दिवस असंच चाललंय."

"मग सोडून द्या ना, बशीरभाई. माफीचं पत्र द्या. घेतील परत."

"विचार केला होता. लिहायला बसलोसुद्धा. 'माझ्या हातून चूक झाली' हितपर्यंत आलो, आणि मग चूक कंची ते लिहायला लागतं ना. ते जमेना."

ते थोडं हसले. मी चहा घेतला. कागद तेव्हा माझ्या घरी होता, मुलींच्या जन्माच्या दाखल्यांच्या पाकिटात. त्यांनी त्याबद्दल एक शब्दही काढला नाही. बाहेर पडताना मला हायसं वाटलं, आणि हायसं वाटल्याची लाज वाटली.

त्यानंतर आठवड्याभराने ते सुनंदाला भेटायला स्कूटरवरून कापड्याला निघाले होते. पोलादपूरच्या अलीकडे, सकाळी अकराच्या लख्ख उन्हात, मागून आलेल्या टेम्पोने त्यांना उडवलं. टेम्पो थांबला नाही. नंबर कुणी पाहिला नाही. तो अपघात होता की आणखी काही, ते आजवर ठरलेलं नाही, आणि जे ठरलं नाही ते मी इथे लिहिणार नाही. पण ती बातमी ऐकली तेव्हा माझ्या मनात पहिल्यांदा काय आलं, ते मला ठाऊक आहे. मी आधी आमच्या दाराची कडी लावली.

दवाखान्यात गेलो तेव्हा त्यांचा पाय मांडीपासून टाचेपर्यंत बांधलेला होता. हाड तीन ठिकाणी मोडलं होतं.

"डावाच गेला रे," ते म्हणाले.

थोड्या वेळाने त्यांनी मला जवळ बोलावलं. भाभी औषध आणायला खाली गेल्या होत्या.

"मोरे, तो कागद जाळून टाक."

मी दचकलो.

"तुला दोन मुली हायत. मी त्या दिवशी माइकवर बोललो ते चुकलं. तुझ्याकडं बोट दाखवल्यासारखं झालं. मला तसा हक्क नव्हता. जाळ आणि मोकळा हो. मी माझं बघीन."

त्यांनी कागद मागितला असता तर मी कदाचित आयुष्यभर टाळत राहिलो असतो. मागणाऱ्या माणसावर रागावता तरी येतं. त्या पलंगाशेजारी मला कुणावर रागवायलाच उरलं नाही.

अनंताच्या मृत्यूची सरकारी चौकशी चालू होती. पुढच्या तारखेला मी गेलो आणि कार्बन कॉपी अधिकाऱ्यासमोर ठेवली. फिल्टरच्या वहीबद्दलही सांगितलं. त्यांनी कागद उजेडात धरून दोनदा वाचला.

"इतके दिवस कुठे होता?"

"घाबरलो होतो, साहेब."

त्यांनी तेही लिहून घेतलं, आणि त्याखाली माझी सही घेतली.

अनंता त्या दिवशी कामावर होता, असं अखेर कागदावर आलं. सुनंदाला भरपाई मिळाली, पण तिने आधी त्या निकालाची झेरॉक्स काढली आणि शाळेत नेऊन मुख्याध्यापकांना वाचायला दिली. कारखान्यात कंत्राटी आणि कायम, दोघांनाही सारखेच फिल्टर मिळू लागले. मॅनेजरची दुसऱ्या राज्यात बदली झाली. माझी नोकरी गेली. परमिटच्या पुस्तकातलं खोटं पान माझ्याच अक्षरात होतं, त्यामुळे त्याबद्दल तक्रार करायला मला जागा नव्हती. आता मी पोलादपूरला एका औषधांच्या दुकानात काम करतो. बशीरभाईंना कारखान्याने परत घेतलं नाही. नोकरीसाठीची त्यांची केस चालू राहिली. पाय जुळला तो दोन बोटं आखूड. कुबडी घेऊन ते गावोगाव फिरायचे आणि कंत्राटी कामगारांची संघटना बांधायचे. गेटवर त्यांच्याशी बोलताना कुणी दिसलं की दुसऱ्या दिवशी त्याचं काम बंद व्हायचं, म्हणून ते लोकांच्या घरी जायचे.

पुढच्या थंडीत एका दुपारी, नमाज पढून जेवायला बसताना, त्यांचं हृदय थांबलं. रुकैयाभाभींचा फोन आला तेव्हा आधी माझ्या मनात भलतंच आलं होतं. म्हणून 'दुखलं आणि गेले' हे ऐकून, सांगू नये पण सांगतो, मला क्षणभर सुटल्यासारखं झालं. मयतीला मी होतो. पण त्यांचं शेवटचं दिसणं म्हणून मी ते धरत नाही. शेवटचं दिसणं त्याआधीचं, श्रावणातलं, शिवथरच्या खोऱ्यातलं.

मी त्यांना स्कूटरवरून तिथवर सोडायला गेलो होतो. ओढ्यापलीकडच्या वाडीत वीस-पंचवीस कामगार जमणार होते. ओढा भरून वाहत होता आणि वर लाकडी साकव, एका बाजूला फक्त तार. आम्ही पोचलो तर साकवाच्या अलीकडे ठेकेदाराची जीप उभी. मुकादम बोनेटला टेकून मोबाइलवर पलीकडच्या काठाचं शूटिंग करत होता. लपवत नव्हता. पलीकडे घरांच्या पडव्यांतून लोक उभे होते. जीप पाहून ते आणखी आत सरकले.

"आज राहू दे," मी म्हणालो. "कुणी पुढं येणार नाय. ज्याचा चेहरा दिसेल त्याचं काम जाईल."

"तू गाडी वळवून ठेव," ते म्हणाले, आणि साकवावर चढले.

मधोमध जाईपर्यंत ठीक होतं. तिथे दोन फळ्या निसटल्या होत्या. चांगल्या पायाला ते ढांगेचं अंतर होतं. त्यांनी कुबडीने चाचपून पाहिलं, ती घसरली. तार धरून ते उभे राहिले. खाली तांबडं पाणी दगडांवर आपटत होतं. पुढे जाता येईना आणि मागे वळायला जागा नव्हती. मी साकवाशी धावलो, पण माझं वजन पडताच फळ्या हलू लागल्या आणि ते न बघता म्हणाले, "थांब, मोरे. नको येऊस." मुकादमाने मोबाइल त्यांच्याकडे वळवला.

पडव्यांमधून कुणी हललं नाही. किती वेळ गेला ते मला सांगता येणार नाही. पाऊस भुरभुरत होता. मग एका घरातून एक माणूस बाहेर आला. खाली मान घालून अंगण ओलांडून आला, साकवाच्या त्या टोकाला क्षणभर थांबला, आणि अंगावरचा प्लास्टिकचा कागद काढून त्याने खाली टाकला, कारण तो पायात येत होता. त्याचा चेहरा आता उघडा होता. मोबाइल त्याच्यावर रोखलेला त्याला दिसत होता. तो फळ्यांवरून सावकाश पुढे आला, निसटलेल्या जागेशी गुडघे वाकवून बसला आणि एका हाताने तार घट्ट धरून त्याने दुसरा हात पुढे केला.

बशीरभाईंनी कुबडी काखेत दाबली आणि त्याचा हात धरला.